काळ, स्मृती आणि तीन कला

गेल्या वर्षी साहित्यविचाराच्या तासाला सरांनी फळ्यावर मधोमध एक उभी रेघ ओढली. डावीकडे ‘काळ’ असे लिहिले आणि उजवीकडे ‘अवकाश’. ‘काळ’ या शब्दाखाली त्यांनी साहित्य मांडले, ‘अवकाश’ या शब्दाखाली चित्र आणि शिल्प. मग खडू खाली ठेवीत म्हणाले, “ही वाटणी लेसिंगची. उतरवून घ्या.” आम्ही उतरवून घेतली. परीक्षेला प्रश्न आला, मी उत्तर लिहिले, गुणही बरे मिळाले. परंतु त्यानंतरच्या वर्षभरात तीन निरनिराळ्या ठिकाणी ती रेघ मला पुसट होताना दिसली. एकदा आजीच्या उशाशी बसून एक पुस्तक वाचताना, एकदा अजिंठ्याच्या लेण्यात आणि एकदा आमच्या गावच्या देवळामागे. त्या तीन अनुभवांतून जे सुचले ते येथे मांडीत आहे. नवा सिद्धान्त सांगण्याचा माझा अधिकार नाही. जे वर्गात शिकले ते बाहेर पडताळून पाहिले, एवढेच.

लेसिंगचे म्हणणे

प्रथम लेसिंगचे म्हणणे नीट समजून घेतले पाहिजे. या जर्मन समीक्षकाचा ‘लाओकोऑन’ हा ग्रंथ १७६६ साली प्रसिद्ध झाला. लाओकोऑन हा ट्रॉय नगरीचा पुरोहित. त्याला आणि त्याच्या दोन मुलांना सर्पांनी विळखा घातल्याचे एक प्राचीन संगमरवरी शिल्प १५०६ मध्ये रोममध्ये सापडले. ते आज व्हॅटिकनमध्ये आहे. व्हर्जिलच्या काव्यात हा लाओकोऑन आकाश भेदणारी किंकाळी फोडतो. शिल्पात मात्र त्याचे तोंड अर्धेच उघडे आहे. हा फरक का, असा प्रश्न लेसिंगने विचारला.

त्याचे उत्तर असे : शब्द एकामागून एक येतात, म्हणून एकामागून एक घडणाऱ्या घटना हा साहित्याचा विषय. रंग आणि आकार शेजारी शेजारी असतात, म्हणून एकाच वेळी शेजारी असणाऱ्या वस्तू हा चित्रशिल्पांचा विषय. काव्यातली किंकाळी पुढच्या ओळीत विरून जाते. दगडातली किंकाळी कायमची होते आणि पाहणाऱ्याला ती सोसत नाही. चित्रकाराला व शिल्पकाराला काळातला एकच क्षण मिळतो. म्हणून मागचे व पुढचे ज्यातून सुचेल असा क्षण त्याने निवडावा.

हे विवेचन इतके स्वच्छ आहे की ते पटल्यावाचून राहत नाही. पण त्या शिल्पाचीच पुढची हकीकत पाहा. लेसिंगच्या काळी लाओकोऑनचा उजवा हात वर ताणलेला होता, कारण मूळ हात तुटलेला असल्याने नंतरच्या कारागिरांनी तो तसा बसविला होता. विसाव्या शतकाच्या आरंभी रोममध्येच एक दगडी हात सापडला. तो कोपरात वाकून डोक्यामागे गेलेला होता. तोच मूळ हात असे ठरून पुढे तो शिल्पाला जोडण्यात आला. म्हणजे ज्याला आपण गोठलेला क्षण म्हणतो तोही काळाच्या हाती बदलत होता. कला काळ धरून ठेवते असे आपण सहज म्हणतो. त्या वेळी काळानेही कलेला धरलेले असते, हे आपल्या ध्यानात येत नाही.

आजीच्या उशाशी

मे महिन्याच्या सुट्टीत मी लक्ष्मीबाई टिळकांचे ‘स्मृतिचित्रे’ वाचावयास घेतले. आमचे गाव सातारा जिल्ह्यात आहे. आजी अंथरुणाला खिळलेली नव्हती, पण तिची आठवण उसवत चालली होती. सकाळी जेवली की नाही हे तिला दुपारी सांगता येत नसे. मला ती माझ्या नावाने हाक मारीत नसे. तिच्या धाकट्या बहिणीच्या नावाने मारी. ती बहीण लहानपणीच देवीच्या साथीत गेलेली. पहिल्या दिवशी मी आजीला दुरुस्त केले. दुसऱ्या दिवशी ओ दिली. दुपारी तिच्याजवळ बसून मी मोठ्याने वाचीत असे आणि ती मधूनमधून हुंकार देई.

लक्ष्मीबाईंचा जन्म १८६८ चा. शाळा त्यांना मिळाली नाही. लिहावाचावयास त्या लग्नानंतर घरीच शिकल्या. रेव्हरंड ना. वा. टिळक १९१९ मध्ये वारले. पुढे मुलाला वडिलांचे चरित्र सिद्ध करावयाचे होते म्हणून त्याने आईकडे आठवणी मागितल्या, आणि त्यातून हे आत्मचरित्र उभे राहिले. त्याचा पहिला भाग १९३४ मध्ये निघाला. मागितले होते पतीचे चरित्र, आणि हाती आले एका बाईने पाहिलेले सगळे जग.

लेसिंगच्या नियमाप्रमाणे हे पुस्तक काळाच्या ओघाने चालावयास हवे. वरवर ते तसे चालतेही. बालपण, लग्न, संसार, १८९५ मधील टिळकांचे धर्मांतर, त्यानंतरची ताटातूट आणि १९०० मध्ये लक्ष्मीबाईंनी स्वतः घेतलेली दीक्षा. पण वाचणाऱ्याच्या मनात हा क्रम राहत नाही. राहतात ते प्रसंग, सुटे सुटे, चौकटीत बसविल्यासारखे. ग्रंथाच्या नावातच ‘चित्रे’ हा शब्द आहे. सनावळीचा आधार लेखिकेला फारसा लागत नाही.

दुसरी गोष्ट याहून महत्त्वाची आहे. लक्ष्मीबाईंच्या आईचे वडील १८५७ च्या धामधुमीत फासावर गेले. त्या धक्क्यातून लक्ष्मीबाईंच्या वडिलांच्या मनात सोवळ्याओवळ्याचे वेड शिरले आणि त्या वेडाखाली सारे घर पिचून निघाले. हे सर्व लेखिकेच्या जन्माआधी सुरू झालेले. म्हणजे तिच्या स्मृतीची सुरुवात तिने न पाहिलेल्या घटनेने होते. आपले आयुष्य आपल्या जन्मापासून सुरू होत नाही, ही जाणीव या पुस्तकाने मला प्रथम दिली.

आणि तिसरी गोष्ट म्हणजे लेखिकेचे हसणे. ज्या दिवसांत तिच्या डोळ्यांचे पाणी खळले नसेल ते दिवस ती हसत सांगते. साठी उलटलेली बाई अल्लड मुलीकडे पाहून हसते, आणि दोघीही एकाच वाक्यात ‘मी’ म्हणतात. साहित्याला हे सहज साधते. एका सर्वनामात ते दोन काळ बसविते. मात्र त्यासाठी त्याला काही विसरावे लागते. त्या त्या क्षणीचे दुःख जसेच्या तसे त्याला ठेवता येत नाही. ते ठेवले असते तर पुस्तक विलाप झाले असते. साहित्य मूळचा चटका विसरते आणि त्याचा अर्थ लक्षात ठेवते.

वाचता वाचता आजी बोलू लागे. ती काय सांगते ते मी प्रथम नीट ऐकले नव्हते. ती विहिरीचे सांगे. विहिरीवर ती नवी नवरी म्हणून पहिल्यांदा पाण्याला गेली, विहिरीवर इंजिन आले, बहात्तरच्या दुष्काळात तळ उघडा पडला आणि गाळात हरवलेली कळशी सापडली. हे सर्व ती एका दमात सांगे, मधली वर्षे गाळून, मागचे पुढे आणि पुढचे मागे करून. घरातली माणसे म्हणत, “तिला आता काळवेळ कळत नाही.” मीही तेच समजत होते.

अजिंठ्याची भिंत

डिसेंबरात आमच्या अभ्यासमंडळाची सहल अजिंठ्याला गेली. माहिती आम्ही वाचून गेलो होतो. वाघोरा नदीच्या वळणावर, बसाल्ट दगडाच्या कड्यात कोरलेली सुमारे तीस लेणी. त्यांतली काही इसवी सनापूर्वीची, सातवाहनांच्या काळातली. बाकीची बहुतेक पाचव्या शतकाच्या उत्तरार्धातली, वाकाटक राजा हरिषेण याच्या वेळची. पुढे ती जगाच्या विस्मरणात गेली. २८ एप्रिल १८१९ रोजी जॉन स्मिथ हा इंग्रज अधिकारी दहाव्या लेण्यात पोचला आणि त्याने प्राचीन चित्राच्या अंगावरच आपले नाव व तारीख कोरून ठेवली. आपली आठवण राहावी म्हणून दुसऱ्याची आठवण ओरबाडणारा तो पहिला नव्हे आणि शेवटचाही नव्हे.

सतराव्या लेण्यात मंद प्रकाशात डोळे सरावेपर्यंत थांबावे लागते. उजव्या भिंतीवर सिंहलाची कथा आहे. सिंहल नावाचा व्यापारी जहाज फुटून राक्षसींच्या बेटावर सापडतो. एक दिव्य श्वेत अश्व त्याला पाठीवर घेऊन सोडवितो. एक राक्षसी सुंदर स्त्रीचे रूप घेऊन त्याच्या मागोमाग येते आणि राजाला भुलविते. राजवाड्यात संहार होतो. शेवटी सिंहल राजा होतो आणि सैन्य घेऊन त्या बेटावर चालून जातो.

मी भिंतीच्या एका टोकापासून गोष्ट वाचावयास लागले आणि चुकले. दुसऱ्या टोकापासून पाहिले, तरी चुकले. सोबतच्या सरांनी सांगितले ते असे : विद्या देहेजिया यांच्यासारख्या अभ्यासकांनी दाखवून दिले आहे की अजिंठ्याच्या अशा मोठ्या चित्रांत प्रसंगांची मांडणी काळाच्या क्रमाने नसते, स्थळाच्या क्रमाने असते. बेटावर जे जे घडले ते सर्व बेटाच्या जागी. राजवाड्यात जे जे घडले ते सर्व राजवाड्याच्या जागी, मग त्या दोन घटनांमध्ये कितीही काळ गेलेला असो. तोच सिंहल एका भिंतीवर पुन्हा पुन्हा दिसतो. संकटात सापडलेला व्यापारी आणि चालून आलेला राजा हे एकाच बेटाच्या आसपास वावरत असतात.

हे ऐकले आणि मला एकदम आजीची विहीर आठवली. तिला काळवेळ कळत नव्हते असे नव्हे. ती अजिंठ्याच्या चित्रकारासारखी सांगत होती. विहिरीवर जे जे घडले ते सर्व विहिरीपाशी! आपणही आठवतो ते असेच आठवतो. कोणी सनाचा आकडा सांगितला तर मन कोरे राहते. जुन्या घराच्या उंबऱ्यावर पाऊल ठेवले तर वीस वर्षे एकदम अंगावर येतात. लेसिंग म्हणतो चित्राला एकच क्षण मिळतो. या भिंतीला अनेक क्षण मिळाले आहेत. तिने फक्त त्यांची रांग मोडली आहे. चित्र क्रम विसरते आणि स्थळ लक्षात ठेवते.

याच लेण्यात एक कोरीव लेख आहे. हरिषेणाच्या एका मांडलिकाने हे लेणे करविले. त्याचा धाकटा भाऊ अकाली गेला. त्या शोकात सर्व काही अनित्य आहे हे त्याला उमगले आणि तो दानधर्माकडे वळला, असा त्या लेखाचा आशय आहे. मृत भावाचे नाव रविसांब असे वाचता येते. ज्याने लेणे करविले त्या थोरल्याच्या नावाविषयी मात्र अभ्यासकांत एकमत नाही, कारण त्या जागी लेख झिजला आहे. ज्याची आठवण ठेवावयाची त्याचे नाव उरले, आणि ठेवणाऱ्याचे गेले. मी त्या लेखासमोर किती वेळ उभी होते कोणास ठाऊक. आजी मला कोणत्या नावाने हाक मारते ते मला तेथे आठवले आणि त्याचे दुःख तेथे प्रथमच कमी झाले.

ही चित्रे जपण्याची हकीकतही विचार करावयास लावणारी आहे. १८४४ पासून रॉबर्ट गिल याने पुष्कळ वर्षे खपून त्यांच्या नकला केल्या. त्यांपैकी बहुतेक १८६६ मध्ये लंडनच्या क्रिस्टल पॅलेसला लागलेल्या आगीत गेल्या. पुढे जॉन ग्रिफिथ्स याने मुंबईच्या कलाशाळेतील विद्यार्थ्यांना बरोबर घेऊन १८७२ ते १८८५ या काळात पुन्हा नकला केल्या. त्यांतल्याही अनेक १८८५ मध्ये लंडनमध्येच जळाल्या. विसाव्या शतकात हैदराबाद संस्थानाने इटालियन तज्ज्ञांकडून जतनाचे काम करविले. तेव्हा रंग टिकावेत म्हणून लाखेचे रोगण चढविले गेले, आणि काळ लोटला तसे ते रोगणच पिवळे पडून रंग झाकू लागले. काळाला अडविण्यासाठी जे जे केले त्यावरही काळाने आपला हात फिरविला.

देवळामागचा दगड

तिसरी गोष्ट आमच्या गावातली. देवळाच्या मागच्या बाजूस निवडुंगात चार-पाच कोरीव दगड पडलेले होते. लहानपणी आम्ही त्यांवर बसून चिंचा खाल्ल्या आहेत. त्यांतला एक उभा होता. त्याला तेलशेंदूर लागे आणि अमावास्येला कोणीतरी नारळ ठेवी. अजिंठ्याहून आल्यावर प्रथमच मी त्यांच्याकडे विद्यार्थिनीच्या डोळ्यांनी पाहिले. ते वीरगळ होते.

वीरगळ म्हणजे लढाईत, बहुधा गाईगुरे सोडविताना किंवा गावाचे रक्षण करताना, कामी आलेल्या वीराचे स्मारक. तो खालून वर वाचावयाचा असतो. तळाच्या चौकटीत वीर पडलेला असतो किंवा गाईगुरे दिसतात. त्यावरच्या चौकटीत लढाई. त्याच्या वर अप्सरा त्याला स्वर्गात नेत असतात. सर्वांत वर तो शिवलिंगाची पूजा करीत बसलेला असतो. शिरोभागी चंद्र आणि सूर्य : ते आहेत तोवर याची कीर्ती राहो. चौकटींचा क्रम थोडाफार बदलतो, पण घाट हाच. मुंबईत बोरिवलीजवळ एकसर येथे जे वीरगळ आहेत त्यांवर तर नौकांची लढाई कोरलेली आहे.

म्हणजे येथे दगडाने एक क्षण निवडला नाही. त्याने मरण, युद्ध, स्वर्गारोहण आणि अनंतकाळ असे चार काळ एकावर एक रचले. नजर जसजशी वर जाते तसतसा काळ पुढे सरकतो. लेसिंगच्या फळ्यावरची रेघ येथे उरतच नाही.

परंतु एक मोठी उणीव आहे. कर्नाटकातल्या अनेक वीरगळांवर लेख असतात. कोण, कधी, कोणासाठी मेला हे त्यांतून कळते. महाराष्ट्रातले बहुतेक वीरगळ मुके आहेत. आमच्या गावचेही तसेच. चंद्रसूर्य आहेत आणि नाव नाही. चेहरे तर पावसाने केव्हाच पुसले. मी गावातल्या जाणत्या माणसांना विचारले. एक म्हणाले म्हसोबा, दुसरे म्हणाले भैरोबा, तिसरे म्हणाले, “दगुडच हाय, पोरी.” मला खेद वाटला. ज्या कारणासाठी हा दगड उभा केला ते कारणच नाहीसे झाले, असे वाटले.

या वर्षी मे महिन्यात देवळाचा जीर्णोद्धार निघाला. समोर फरशीचा ओटा करावयाचे ठरले आणि भरावाला दगड कमी पडू लागले. गवंड्यांनी मागचे आडवे पडलेले वीरगळ पुढे आणले. सपाट पाठ वर आणि कोरीव बाजू खाली, असे ते बसवावयाचे होते. मी पुढे होऊन सांगू लागले. बाराव्या-तेराव्या शतकाचे नाव घेतले, यादवांचे घेतले, इतिहास सांगितला. सगळ्यांनी ऐकून घेतले. कोणी उलट बोलले नाही आणि कोणी कामही थांबविले नाही. कॉलेजात शिकणारी मुलगी बोलते आहे, बोलू दे, असा तो भाव होता.

त्या दिवशी आजी चुलतीच्या हाताला धरून देवळात आली होती. तिने पालथा घातलेला दगड पाहिला. कोण जाणे तिला काय दिसले. ती थांबली आणि म्हणाली, “आरं, त्यो आपला मानूस हाय. त्येला पालथा घालू नगा. त्वांडात माती जाईल त्येच्या.”

गवंड्याने हातातली थापी खाली ठेवली.

दगड देवळाच्या भिंतीशी ओळीने उभे करण्यात आले. मला वाटले जिंकलो. पण आठ दिवसांनी पाहते तो त्यांना चकचकीत ऑइलपेंट दिलेला! वीर निळे, घोडे पिवळे, सूर्य लाल. अभ्यासकाच्या दृष्टीने हे नुकसानच आहे आणि ते मी गावात सांगणार आहे. तरीही मला अजिंठ्याचे रोगण आठवले. तेथे तज्ज्ञांनीही चूकच केली, आणि ती जपण्याच्या इच्छेनेच केली.

विस्मृतीचा वाटा

आता या तिन्ही अनुभवांचा मेळ घालू. स्मृती म्हणजे कोठार आणि कला म्हणजे त्या कोठाराला लावलेले कुलूप, असे मी पूर्वी समजत होते. ते बरोबर नाही. प्रत्येक कला काही तरी विसरते. साहित्य मूळचा चटका विसरते, चित्र क्रम विसरते, शिल्प नाव विसरते. विसरते म्हणूनच उरलेले ती पुढे देऊ शकते. ज्याला एकही क्षण विसरता येत नाही, त्याला गोष्ट सांगता येणार नाही.

लेसिंगची वाटणी मी टाकून देत नाही. माध्यमांचा स्वभाव त्याने अचूक ओळखला. पण माध्यमाचा स्वभाव एक आणि त्यात शिरलेल्या स्मृतीचा स्वभाव दुसरा. स्मृती शब्दांत शिरली की त्यांना चित्रे बनविते, आणि भिंतीत किंवा दगडात शिरली की त्यांना चालावयास लावते. कलांच्या सीमा माध्यमाने आखल्या आहेत. स्मृती त्या सीमांवरून दोन्ही बाजूंना ये-जा करीत असते.

आणि ही ये-जा चालू राहण्यासाठी आणखी एक माणूस लागतो. वाचणारा, पाहणारा, नारळ ठेवणारा. आमच्या वीरगळाचे नाव गेले याचा मी खेद केला होता. माझ्याजवळ शतक होते, राजवंश होता, दगडाचा प्रकार होता, आणि त्यातले काहीही त्या दगडाला वाचवू शकले नाही. आजीजवळ यांतले काहीच नव्हते. तिला माझे नावदेखील ठाऊक नव्हते. पण त्या दगडात माणूस आहे, आणि तो आपला आहे, एवढे ती विसरली नव्हती.

ज्ञान नको असा याचा अर्थ कोणी काढू नये. आजीनंतर त्या दगडाला ‘आपला माणूस’ म्हणणारे कोणी राहिले नाही, तर त्याला वाचवावयास माझे शतक आणि माझा राजवंश यांखेरीज काय उरणार? म्हणून या सुट्टीत मी त्या पाचही दगडांची मोजमापे घेणार आहे, प्रत्येक चौकटीचे रेखाटन करणार आहे आणि गावात जे जे सांगतील ते ते, मग तो म्हसोबा असो की भैरोबा, लिहून ठेवणार आहे. आपल्यापैकी पुष्कळांच्या गावी असे दगड असतील. वर्गातल्या वहीची काही पाने आपण त्यांच्यासाठी राखून ठेवली, तर फळ्यावरची ती उभी रेघ आपल्याला अधिक चांगली समजेल असे मला वाटते.

आजी अजूनही मला तिच्या बहिणीच्या नावाने हाक मारते. मी ओ देते. माझे नाव तिच्याजवळ नाही, पण ज्या मुलीचे नाव जगात दुसऱ्या कोणाजवळ उरलेले नाही तिला त्या हाकेपुरती जागा मिळते. वीरगळाचे कामही याहून निराळे नसावे.